भार कोणी वाहावयाचा?

वक्तृत्वस्पर्धांच्या विषयपत्रिकेत एक विषय हटकून आढळतो : 'व्यक्तिस्वातंत्र्य श्रेष्ठ की कुटुंबनिष्ठा?' पहिला वक्ता श्रावणबाळाची कथा सांगतो, प्रभू रामचंद्रांच्या वनवासाचे स्मरण करून देतो आणि आजच्या पिढीला स्वार्थी ठरवून टाळ्या घेतो. दुसरा वक्ता रूढीच्या शृंखला, वडीलधाऱ्यांचा हेका, मनाची मुस्कटदाबी अशी शब्दरचना करून तितक्याच टाळ्या घेतो. परीक्षक गुण देतात, विजेत्याला ढाल मिळते आणि मंडळी आपापल्या घरी जातात. घरी मात्र तो प्रश्न जसाच्या तसा उभा असतो. दहावीनंतर कोणती शाखा घ्यावयाची, मुलीने शिक्षणासाठी परगावी जावे की नाही, वडिलांचे दुकान चालवावे की नोकरी धरावी, विवाह कोणाशी व केव्हा करावा, अंथरुणाला खिळलेल्या आजीजवळ कोणी राहावे, अशा साध्या रूपांनी तो आपल्यापुढे येतो. तेथे टाळ्याही नसतात आणि परीक्षकही नसतात.

माझे मत असे आहे की हा प्रश्न आपण मुळात चुकीच्या शब्दांत मांडतो. 'इच्छा मोठी की कर्तव्य मोठे?' असे विचारले की उत्तर देणारा आपल्या वयाप्रमाणे उत्तर देतो. तरुण इच्छेच्या बाजूने बोलतो, वृद्ध कर्तव्याच्या बाजूने बोलतो, आणि दोघेही आपापल्या ठिकाणी राहतात. त्याऐवजी असे विचारून पाहावे : 'ह्या निर्णयाचा भार शेवटी कोणाच्या खांद्यावर पडणार आहे, आणि त्या खांद्याला कोणी विचारले होते काय?' हा प्रश्न विचारला म्हणजे कित्येक गौरविलेली कर्तव्ये फिकी दिसू लागतात आणि कित्येक निंदिलेल्या इच्छा निर्मळ वाटू लागतात. उलटही घडते. ज्या इच्छांना आपण स्वातंत्र्य म्हणतो, त्यांतील काही केवळ दुसऱ्याच्या जिवावर केलेली चैन असते, हेही ध्यानात येते.

प्रथम कर्तव्याची बाजू नीट पाहू. कारण तिची टवाळी करणे आज फार सोपे झाले आहे. कुटुंबकर्तव्याची कल्पना आपल्या पूर्वजांनी उपदेशाच्या हौसेने निर्माण केलेली नव्हती. शेतीवर, वतनावर किंवा परंपरागत धंद्यावर जगणाऱ्या समाजात कुटुंब हीच पेढी, कुटुंब हेच रुग्णालय आणि कुटुंब हीच म्हातारपणाची काठी होती. एखादा भाऊ अकाली वारला तर त्याची मुले काकाच्या पंगतीत जेवत. खेड्यातील हुशार मुलगा शहरात शिकावयास गेला तर तो मामाच्या किंवा आत्याच्या घरी राही. तेही नसेल तर वार लावून जेवी. आपल्या कितीतरी घरांतील पहिली पदवी ही एकट्या विद्यार्थ्याने मिळविलेली नव्हती. तिच्यामागे आईचे मोडलेले दागिने, थोरल्या भावाने अर्धवट सोडलेली शाळा आणि सर्वांनी मिळून काढलेले निकडीचे दिवस होते. हे ऋण खरे आहे. ते नाकारणारा मनुष्य स्वतंत्र नसतो. तो विसरभोळा तरी असतो किंवा कृतघ्न तरी.

तथापि काळ पालटला. रेल्वे आली, इंग्रजी शाळा निघाल्या, कचेऱ्या वाढल्या. शेत घराच्या नावाने असे. पगार मात्र एका व्यक्तीच्या नावाने होऊ लागला. अठराव्या शतकात गायकवाडांच्या दौलतीबरोबर देशावरून व कोकणातून जी मराठी घराणी आपल्या बडोद्यास आली, त्यांच्या पुढच्या पिढ्या कारकून, शिक्षक, वैद्य, अभियंते झाल्या आणि उपजीविकेसाठी दूरदूर पांगल्या. कुटुंबाचे आर्थिक बंध असे सैल झाले. पण कर्तव्याची भाषा जुनीच राहिली. एकत्र कुटुंबाच्या दिवसांत जी आज्ञा सर्वांच्या निर्वाहासाठी दिली जाई, तीच आज्ञा पुढे नुसत्या मानासाठी दिली जाऊ लागली. झगडा सुरू झाला तो येथे.

भार कोणावर पडतो हे पाहण्याची सवय आपल्याला नाही, ह्याचे सर्वांत मोठे उदाहरण आपल्या भाषेतच आहे. अढळ निश्चयाला आपण 'भीष्मप्रतिज्ञा' म्हणतो. शंतनू राजाला सत्यवतीचा मोह पडला. तिच्या पित्याने तिच्या पुत्रासाठी राज्य मागितले. आणि देवव्रताने पित्याच्या सुखासाठी राज्य तर सोडलेच, परंतु आमरण ब्रह्मचर्याची शपथही घेतली. पुत्रधर्माची ही परिसीमा म्हणून ती कथा आपण मुलांना सांगतो. ती पुढे सांगावयास मात्र आपण कचरतो. त्याच सत्यवतीच्या पुत्रासाठी भीष्मांनी काशिराजाच्या तीन कन्या स्वयंवरातून बळाने आणल्या. त्यांतील अंबेने मनाने शाल्वाला वरले होते. भीष्मांनी तिला परत पाठविले. शाल्वाने तिचा स्वीकार केला नाही. आणि भीष्मांना त्यांची प्रतिज्ञा आड आली. अंबा कोठलीच राहिली नाही. अंबिका व अंबालिका विवाहानंतर काही वर्षांतच विधवा झाल्या आणि वंशरक्षणासाठी पुढे जे झाले ते त्यांच्या इच्छेने झाले नाही. इच्छा शंतनूची होती, त्याग देवव्रताचा होता, कीर्तीही त्यालाच मिळाली. पण भार पडला तो तीन राजकन्यांवर. महाभारतकारांनी ही गोष्ट लपविलेली नाही. आपण मात्र प्रतिज्ञेपाशी थांबतो आणि अंबेपर्यंत जात नाही.

पुराणातून इतिहासात आलो तरी हीच गोष्ट दिसते. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे हे आपल्या समाजातील अग्रगण्य सुधारक. विधवाविवाहाच्या चळवळीत ते हिरिरीने सामील होते. १८७३ साली त्यांच्या प्रथम पत्नीचे निधन झाले. ते तेव्हा एकतीस वर्षांचे होते. आता माधवराव स्वतःच विधवेशी विवाह करतात की काय, अशी चिंता त्यांच्या वडिलांना वाटली आणि त्यांनी मुलाचा विवाह एका अकरा वर्षांच्या मुलीशी त्वरेने ठरविला. माधवरावांनी विनवून पाहिले. परंतु वडिलांचा शब्द मोडणे त्यांना जमले नाही. त्याच वर्षी हा विवाह झाला. ज्याने विधवाविवाहाचा पुरस्कार करावयाचा त्यानेच बालिकेशी विवाह करावा, ह्याबद्दल त्या काळी त्यांच्यावर पुष्कळ टीका झाली.

माधवरावांनी पितृभक्तीपुढे स्वतःच्या मताचा बळी दिला असे म्हणतात, आणि ते खोटे नाही. एवढ्या थोर पुरुषाच्या मनाची तेव्हा काय उलघाल झाली असेल, ह्याची कल्पना करून त्यांच्याविषयी सहानुभूतीच वाटते. पण आपला प्रश्न येथेही विचारावयास हवा. ह्या कर्तव्यपालनाचा भार कोणी वाहिला? टीका माधवरावांनी सोसली, हे खरे. परंतु अकरा वर्षांच्या रमाबाईंना तर कोणी काही विचारलेच नव्हते. पुढे पतीने त्यांना मोठ्या आस्थेने शिकविले. आणि ते शिकणे घरातील वडील स्त्रियांना रुचत नसल्यामुळे दिवसभराचे टोमणे रमाबाईंच्याच वाट्याला आले. सुधारणा पतीची, परंपरा सासरची, आणि दोहोंच्या मध्ये उभी राहिली ती एक मुलगी. १९१० साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या आठवणींत त्यांनी हे सारे लिहिले आहे. त्यात पतीविषयी भक्ती आहे, कोणाविषयी कटुता नाही. पुण्याच्या सेवासदनासारखे कार्य १९०९ पासून उभे करून त्यांनी आपल्या वाट्याला आलेल्या ओझ्याचे सोने केले. हे त्यांचे मोठेपण होय. त्यांच्या मोठेपणामुळे ओझे लादणे योग्य ठरत नाही.

कर्तव्याच्या आज्ञेपुढे मान लवविणाऱ्या पुत्राची ही कथा झाली. मान न लवविणाऱ्या कन्येची कथा आपल्या बडोद्यातच घडली आहे, आणि ती आपल्या मुलामुलींना ठाऊक असावयास हवी.

श्रीमंत सयाजीराव महाराज हे मुलींचे कैवारी राजे होते. १९०४ साली त्यांनी आपल्या राज्यात बालविवाहाला प्रतिबंध करणारा कायदा केला. १९०६ साली प्राथमिक शिक्षण सक्तीचे केले, तेही मुलगे व मुली ह्या दोघांसाठी. महाराणी चिमणाबाई ह्यांचे नाव ज्यावर आहे असा, भारतीय जीवनातील स्त्रियांच्या स्थानाविषयीचा इंग्रजी ग्रंथ १९११ साली प्रसिद्ध झाला. त्याच १९११ साली ह्या दांपत्याची कन्या इंदिराराजे हिचा विवाह ग्वाल्हेरचे महाराज माधवराव शिंदे ह्यांच्याशी ठरलेला होता. दोन मोठी मराठा संस्थाने ह्या संबंधाने जोडली जाणार होती. शिंदे महाराजांची प्रथम पत्नी हयात होती. म्हणजे सुशिक्षित इंदिराराजे ग्वाल्हेरास दुसरी राणी म्हणून जाणार होत्या. त्या वर्षाच्या डिसेंबरात दिल्लीस दरबार भरला. तेथे कूचबिहारचे राजपुत्र जितेंद्र नारायण ह्यांची व इंदिराराजांची मने जुळली. मग ह्या एकोणीस वर्षांच्या मुलीने, आईवडिलांना न सांगता, ग्वाल्हेरच्या महाराजांना स्वतःच्या हाताने पत्र लिहिले आणि आपण हा विवाह करू इच्छीत नाही असे कळविले.

त्या पत्राने बडोद्याच्या राजवाड्यात केवढा हलकल्लोळ झाला असेल, ते सांगावयास नको. दिलेला शब्द मोडला, दोन संस्थानांत वितुष्ट येण्याची वेळ आली, आणि मुलीने निवडलेला वर तर मराठा नव्हता, त्या वेळी गादीवरही नव्हता. मुलींच्या शिक्षणासाठी राज्याची तिजोरी उघडणाऱ्या मातापित्यांना, शिकलेल्या मुलीचा नकार सोसवला नाही. दीड वर्षाहून अधिक काळ हा विरोध चालला. अखेर १९१३ साली लंडनमध्ये, आईवडिलांच्या अनुपस्थितीत, ब्राह्म पद्धतीने तो विवाह झाला. विवाहानंतर थोड्याच आठवड्यांत वडील बंधूंच्या निधनामुळे जितेंद्र नारायण गादीवर आले. १९२२ साली तेही निवर्तले, आणि अल्पवयीन पुत्राच्या वतीने राज्याचा कारभार इंदिरादेवींनी सांभाळला. मातापित्यांशी आलेला दुरावाही पुढे निवळला. त्यांची मुले आजोळी बडोद्यास येऊन राहत असत.

सुधारक पित्याचे पाऊल स्वतःच्याच उंबरठ्यावर अडखळावे, हे त्या काळी नवलाचे नव्हते. जितेंद्र नारायण ह्यांचे मातामह केशवचंद्र सेन ह्यांनी विवाहाच्या वयोमर्यादेसाठी झटून १८७२ चा विवाहकायदा करवून घेतला आणि १८७८ साली आपल्याच कन्येचा विवाह, ती वयोमर्यादा पूर्ण होण्यापूर्वी, कूचबिहारच्या राजाशी लावून दिला. त्यावरून ब्राह्म समाजात फूट पडली. समाजाच्या मुलींविषयी उदार असणे आणि स्वतःच्या मुलीविषयी उदार असणे, ह्या दोन गोष्टी निराळ्या आहेत. दुसरी फार कठीण आहे.

इंदिराराजांनी योग्य केले काय? आपल्या कसोटीला त्यांचे वर्तन बव्हंशी उतरते असे मला वाटते. त्यांनी विवाहानंतर फसवणूक केली नाही. विवाहापूर्वी स्पष्ट शब्दांत नकार कळविला. नकार कळविण्याचे अप्रिय काम त्यांनी दुसऱ्या कोणाकडून करवून घेतले नाही. माहेर तुटण्याची किंमत त्यांना ठाऊक होती आणि ती त्यांनी स्वतः दिली. आईवडिलांना मनस्ताप झाला, ही गोष्ट खरी. परंतु तो मनस्ताप बहुतांशी मोडलेल्या शब्दाचा व दुखावलेल्या मानाचा होता. कोणाचे अन्न तुटले नाही, कोणी निराधार झाले नाही. शिवाय तो शब्द ज्या मुलीच्या सर्व आयुष्याविषयी होता, तिच्या मनाचा कौल तो देताना कितपत घेतला गेला होता? दुसऱ्याच्या आयुष्याच्या तारणावर दिलेला शब्द मोडला, तर दोष मोडणाऱ्याइतकाच देणाऱ्याकडेही जातो.

ह्या दोन कथांमध्ये उभी करण्याजोगी तिसरी कथा महर्षी धोंडो केशव कर्वे ह्यांची आहे. १८९१ साली त्यांच्या प्रथम पत्नी वारल्या. पुन्हा विवाह करावयाचा झाल्यास विधवेशीच करीन, असा त्यांचा निश्चय होता. आणि ११ मार्च १८९३ रोजी, शारदासदनात शिकत असलेल्या गोदूबाईंशी, त्यांच्या संमतीने, त्यांनी विवाह केला. मुरूडच्या गावकऱ्यांनी बहिष्कार घातला. त्याची झळ केवळ अण्णासाहेबांना लागली असती तर प्रश्न सोपा होता. परंतु गावी राहणाऱ्या मातेला व वडील बंधूंनाही ती लागणार होती. म्हणजे अण्णासाहेबांच्या इच्छेचा भार इतरांवरही पडत होता. अशा वेळी त्यांनी काय केले? त्यांनी निश्चय सोडला नाही. पण आईला वा भावाला 'माझ्या बाजूने उभे राहा' असा आग्रहही केला नाही. गावापासून दूर राहण्याचे दुःख त्यांनी आपल्याकडे घेतले. जेवढे ओझे स्वतःकडे ओढून घेता येईल तेवढे घेतले, आणि उरलेल्याबद्दल कोणाला बोल लावला नाही. तीन वर्षांनी, १८९६ साली, त्यांनी अनाथ बालिकाश्रम काढला. १९१६ साली महिला विद्यापीठ स्थापिले. आणि १९५८ साली, शंभराव्या वर्षी, त्यांना 'भारतरत्न' ही पदवी मिळाली. ह्या सन्मानामुळे १८९३ चे कृत्य योग्य ठरले असे समजू नये. सन्मान मिळाला नसता तरीही ते योग्यच होते.

ह्या तीन कथांतून मला तीन गोष्टी निष्पन्न होताना दिसतात. पहिली अशी की, कर्तव्य हे माणसांशी असते, लौकिकाशी नसते. आजारी आईची सेवा हे कर्तव्य आहे. 'लोक काय म्हणतील' ह्या भयाने मुलीची शाळा बंद करणे, हे कोणाविषयीचेही कर्तव्य नाही. दुसरी अशी की, आपल्या कर्तव्याची किंमत दुसऱ्याला द्यावयास लावू नये. विशेषतः जो लहान आहे, दुर्बळ आहे किंवा ज्याला कोणी विचारलेच नाही, त्याला तर नाहीच नाही. तिसरी अशी की, आपल्या इच्छेची किंमतही आपणच द्यावी, आणि ती देताना कपाळाला आठी घालू नये.

कोणी म्हणेल, ह्या साऱ्या जुन्या गोष्टी झाल्या. आता कायद्याने व्यक्तीला सर्व काही दिले आहे. कायद्याने पुष्कळ दिले आहे, ह्यात शंका नाही. १९२९ च्या शारदा कायद्याने मुलीच्या विवाहाचे किमान वय चौदा ठरविले. १९७८ च्या दुरुस्तीपासून ते अठरा झाले. १९५५ साली हिंदू विवाह कायदा व १९५६ साली वारसा कायदा झाला. २००५ च्या दुरुस्तीने वडिलोपार्जित एकत्र मिळकतीत मुलीला जन्मतःच मुलाइतका हक्क मिळाला. दोन सज्ञान व्यक्तींनी परस्परांच्या संमतीने विवाह करावयाचा ठरविल्यास त्याला कुटुंबाची वा जातीची संमती आवश्यक नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली निःसंदिग्ध शब्दांत सांगितले. परंतु ज्या घरात मुलीला आपला वाटा मागितला म्हणून भाऊ बोलेनासा होतो, किंवा न मागण्यातच तिचा चांगुलपणा मानला जातो, त्या घरात कायदा पोहोचूनही पोहोचलेला नसतो. भावाच्या सुखासाठी हक्क सोडणे हे बहिणीचे कर्तव्य म्हणून सांगितले जाते. बहिणीच्या हक्कासाठी सुख सोडणे हे भावाचे कर्तव्य म्हणून सांगितलेले मी फारसे ऐकले नाही.

ह्याहून नाजूक गोष्ट वृद्ध मातापित्यांच्या सेवेची आहे. २००७ साली मातापित्यांच्या व ज्येष्ठ नागरिकांच्या निर्वाहाचा कायदा झाला. त्यातील 'अपत्य' ह्या शब्दाच्या व्याख्येत पुत्र, कन्या, नातू व नात ह्यांचा उल्लेख आहे, सुनेचा नाही. आपल्या घरांत मात्र नेमके उलट आढळते. 'आमचा मुलगा आईवडिलांचे फार करतो' अशी ज्याची ख्याती असते, त्याच्या घरी पथ्याचे जेवण कोण रांधते, रात्री औषधाच्या वेळी कोण उठते आणि त्यासाठी नोकरी कोणी सोडलेली असते, ते पाहावे. पुष्कळदा पुत्राचे कर्तव्य सुनेच्या हातांनी पार पडत असते, आणि तिचे स्वतःचे आईवडील दुसऱ्या गावी एकटे असतात. श्रावणबाळाने कावड स्वतःच्या खांद्यावर घेतली होती. ती दुसऱ्या कोणाच्या खांद्यावर देऊन तो स्वतः पुढे चालला असता, तर आपण त्याचे नाव घेतले असते काय?

वडीलधाऱ्या मंडळींना माझे नम्र निवेदन आहे. आपण मुलांसाठी खस्ता खाल्ल्या, हे सत्य आहे. त्याची जाणीव मुलांना असलीच पाहिजे. परंतु प्रेमाने केलेल्या खर्चाचे बिल पुढे सादर करू नये. मुलगा गणितात कच्चा आणि चित्रकलेत निपुण असता त्याला केवळ शेजाऱ्याच्या मुलाच्या बरोबरीने अभियंता करण्याचा हट्ट धरणे, हे वात्सल्य नव्हे. मुलाच्या पोटापाण्याची काळजी वाटत असेल तर ती तशी बोलून दाखवावी. तिच्यावर कुळाच्या प्रतिष्ठेचे पांघरूण घालू नये. काळजी ऐकून मुले विचार करतात. प्रतिष्ठेचे नाव काढले की ती मनाची दारे लावून घेतात.

आणि विद्यार्थिमित्रांनो, आता तुमच्याशी दोन शब्द. इच्छा आणि लहर ह्यांत अंतर आहे. लहर आज येते आणि परीक्षेचा निकाल लागेपर्यंत ओसरते. इच्छा श्रम मागते व श्रमांनंतरही टिकते. ज्या गोष्टीसाठी तुम्ही रोज पहाटे तासभर उठावयास तयार नाही, तिच्यासाठी आईवडिलांशी भांडावयाचा अधिकार तुम्हांला नाही. जी गोष्ट तुमच्या अंतःकरणातून येते, तिच्याबद्दल घरी स्पष्ट, पण सौम्य शब्दांत बोला. चोरून काही करू नका, आणि दुसऱ्याकरवी निरोप धाडू नका. ते बोलण्यापूर्वी घरची परिस्थिती नीट जाणून घ्या. तुमच्या फीसाठी कोणाचे काय अडते आहे, धाकट्या बहिणीचे शिक्षण तर मागे पडत नाही ना, हे विचारा. वडिलांवर कर्ज असेल तर आपली इच्छा दोन वर्षे पुढे ढकलण्यात पराभव नाही. तो निर्णय तुम्ही स्वतः, समजून घेतलेला असला म्हणजे झाले. मात्र तुमच्या नावाने दुसऱ्या कोणी तुमचे आयुष्य कायमचे ठरवून टाकीत असेल, तर 'नाही' म्हणण्याचे धैर्यही अंगी असू द्या. विशेषतः मुलींना हे सांगावयाचे आहे. अकराव्या वर्षी रमाबाईंना तो शब्द उच्चारण्याची सोय नव्हती. तुम्हांला ती आहे. आणि ती मिळवून देण्यासाठी पुष्कळांनी पुष्कळ सोसले आहे.

जेव्हा घरात असा प्रसंग उभा राहील तेव्हा एक करून पाहावे. सर्वांनी एकत्र बसावे आणि प्रत्येकाने सांगावे की ह्या निर्णयात मी कोणते ओझे घेण्यास तयार आहे. आजोबांपासून नातीपर्यंत प्रत्येकाने सांगावे, आणि जो सर्वांत कमी बोलतो त्याचे म्हणणे प्रथम ऐकावे. ज्याच्या वाट्याला ओझे येणार, त्याच्या संमतीवाचून निर्णय करू नये. अशाने सर्व प्रश्न सुटतील असे नाही. काही घरांत अश्रूही येतील. परंतु निदान आपण कोणाच्या खांद्यावर काय ठेवीत आहोत, हे डोळे उघडे ठेवून केले जाईल. पालटत्या काळात कुटुंब टिकावे असे मला मनापासून वाटते, आणि जेथे प्रत्येकाला विचारले जाते तेच कुटुंब टिकेल असा माझा विश्वास आहे.